थर्मासचा जनक जेम्स ड्यूअर आणि फ्रीझरमध्ये फुगलेली माझी स्टीलची बाटली

आज एका माणसाची गोष्ट सांगणार आहे. हा माणूस जाऊन शंभर वर्षं उलटून गेली, पण त्याने बनवलेली वस्तू आत्ता तुमच्या बॅगेत, ऑफिसच्या डेस्कवर किंवा बाईकच्या साइड पाउचमध्ये असेल. पण त्याआधी माझ्या हातून झालेली एक चूक सांगतो, कारण ती चूक झाली नसती तर मी या माणसाबद्दल वाचलंच नसतं.

गेल्या मे महिन्यात मी पुण्याहून घरी, नृसिंहवाडीला गेलो होतो. मे महिन्यातली वाडी ज्यांनी बघितली आहे त्यांना माहीत असेल, दुपारी घाटाच्या पायऱ्यांवर अनवाणी पाय टेकवत नाही. शुक्रवारी संध्याकाळी मी थंडगार लिंबू-सोडा आणला, माझ्या दुहेरी भिंतीच्या स्टीलच्या बाटलीत गळ्यापर्यंत भरला, झाकण घट्ट आवळलं आणि बाटली फ्रीझरमध्ये ठेवली. डोक्यात हिशोब सोपा होता. बाटली थंड ठेवते, फ्रीझर थंड करतो, दोन्ही एकत्र केलं की डबल थंड!

शनिवारी सकाळी बाटली हलवून बघितली. आत द्रवच होतं, बर्फाचा पत्ता नाही. म्हटलं राहू दे अजून. मग पालखीच्या गडबडीत विसरलो. रविवारी दुपारी आठवलं. बाहेर काढली तर बाटली ओट्यावर सरळ उभी राहीना, बूड फुगलं होतं. झाकण जाम. माझा नववीतला चुलतभाऊ पुढे आला, बाटली छातीशी धरली आणि जोर लावून झाकण फिरवलं. फट्‌ असा आवाज झाला आणि झाकण उडून त्याच्या भुवईच्या वर लागलं. डोळा बोटभर अंतराने वाचला. कपाळावर टेंगूळ आलं, थोडं रक्त आलं, आणि आईने त्याच्यापेक्षा जास्त मला झापलं. इंजिनीअर होऊन एवढं कळत नाही का, हा तिचा प्रश्न होता. त्या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हतं.

रात्री मोबाइलवर शोधत बसलो की नेमकं झालं काय. शोधता शोधता जेम्स ड्यूअर या नावापाशी पोहोचलो. आणि वाचलं तर त्याच्या गोष्टीची सुरुवातही बर्फापासूनच होती.

बर्फातून खाली पडलेला मुलगा

जेम्स ड्यूअरचा जन्म २० सप्टेंबर १८४२ रोजी स्कॉटलंडमधल्या किनकार्डिन या नदीकाठच्या छोट्या गावात झाला. वडील दारूविक्रीचा धंदा करायचे. सहा मुलांमध्ये हा सगळ्यात धाकटा.

दहा वर्षांचा असताना तो गोठलेल्या तळ्यावर गेला. बर्फ फुटला आणि पोरगं थेट खाली गार पाण्यात. जीव वाचला, पण संधिवाताचा ताप आला आणि पुढची दोनेक वर्षं त्याला धड चालता येईना. शाळा सुटली. घरात बसून कंटाळलेला हा मुलगा गावातल्या सुताराकडे जाऊ लागला आणि चक्क व्हायोलिन बनवायला शिकला. पातळ लाकूड तासायचं, वाकवायचं, जोडायचं, कुठे फट राहिली तर सूर बिघडतो. हाताला जी बारीक कामाची सवय लागली ती तिथे लागली, असं ते पुढे आयुष्यभर मानत राहिले. पंधराव्या वर्षापर्यंत आई-वडील दोघंही गेले होते.

डॉलर अकॅडमी या शाळेतून ते एडिंबरा विद्यापीठात गेले. तिथे लायन प्लेफेअर या रसायनशास्त्रज्ञाचे सहायक झाले. १८६७ मध्ये त्यांनी बेंझिनच्या रेणूची रचना कशी असू शकेल याचे काही आराखडे मांडले. त्यातल्या एका रचनेला आजही ड्यूअर बेंझिन म्हणतात. त्याच सुमारास ते बेल्जियममधल्या गेंट शहरात केकुले यांच्याकडेही शिकून आले. बारावीला ऑरगॅनिक केमिस्ट्री घेतलेल्यांना केकुले हे नाव चांगलंच आठवत असेल!

१८७१ मध्ये हेलन रोझ बँक्स यांच्याशी त्यांचं लग्न झालं. १८७५ मध्ये केंब्रिज विद्यापीठात ते प्राध्यापक झाले आणि १८७७ मध्ये लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्येही. ही दोन्ही पदं त्यांच्याकडे मरेपर्यंत राहिली, पण मन रमलं ते लंडनच्या प्रयोगशाळेत.

लोखंडी बाटली फोडणारं पाणी

रॉयल इन्स्टिट्यूशन ही जागा भारी होती. मायकेल फॅरेडे इथेच काम करून गेले होते. लोक तिकीट काढून सिनेमाला जावं तसे इथे विज्ञानाची व्याख्यानं बघायला यायचे. ड्यूअर आले तेव्हा जॉन टिंडल हे मोठे शास्त्रज्ञ तिथे होते. टिंडल आपल्या व्याख्यानात एक प्रयोग दाखवायचे, आणि तो वाचल्यावर मला माझी बाटली आठवून लाज वाटली.

ते अर्धा इंच जाड भिंतींची लोखंडी बाटली घ्यायचे. तिच्यात काठोकाठ पाणी भरायचे, तोंड स्क्रूने घट्ट बंद करायचे आणि ती बर्फ-मिठाच्या मिश्रणात ठेवायचे. थोड्या वेळाने लोखंड फुटायचं.

कारण आपण सगळे शाळेत शिकलोय, पण वापरत नाही. बहुतेक पदार्थ गोठताना आकसतात, पाणी गोठताना फुगतं. एक लिटर पाण्याचा बर्फ सुमारे १ लिटर ९० मिलिलिटर जागा मागतो. ही वरची ९ टक्के जागा मिळाली नाही तर दाब वाढत जातो. किती? उणे २२ अंश सेल्सिअसला पाणी द्रव ठेवायचं असेल तर त्यावर हवेच्या दाबाच्या सुमारे २,००० पट दाब लागतो. म्हणजे बंद बाटलीतला बर्फ जवळपास तेवढ्या ताकदीपर्यंत भिंती ढकलू शकतो. घरातला फ्रीझर साधारण उणे १८ वर चालतो, त्यामुळे आकडा थोडा कमी होईल एवढंच. अर्धा इंच लोखंड जिथे टिकलं नाही, तिथे आपल्या बाटलीचा पातळ पत्रा काय टिकणार? पुराच्या पाण्याची ताकद वाडीकरांना कुणी सांगावी लागत नाही, दर पावसाळ्यात कृष्णा मंदिरात शिरते. गोठणाऱ्या पाण्याची ताकद मात्र मला बाटली फुगल्यावर कळली.

वायूचं पाणी करायची शर्यत

आता ड्यूअर यांच्या मुख्य कामाकडे येऊ. त्या काळात युरोपात एक शर्यत सुरू होती. वाफ थंड केली की पाणी होतं, मग हवा थंड केली तर तिचंही द्रव व्हायला हवं. पण ऑक्सिजन, नायट्रोजन, हायड्रोजन हे वायू काही केल्या दाद देत नव्हते. फॅरेडेंनीही हात टेकले होते. १८७७ मध्ये फ्रान्समध्ये काइते आणि स्वित्झर्लंडमध्ये पिक्ते यांनी ऑक्सिजनचे थेंब मिळवले. १८८३ मध्ये पोलंडमधल्या क्राकूव्ह शहरात व्रोब्लेव्स्की आणि ओल्शेव्स्की यांनी भांड्यात साठेल इतका द्रव ऑक्सिजन तयार केला.

ड्यूअर या शर्यतीत उतरले आणि मोठी यंत्रं उभी करून द्रव ऑक्सिजन आणि द्रव हवा भरपूर प्रमाणात बनवू लागले. पण मग नवीनच अडचण आली: ठेवायचं कशात? द्रव ऑक्सिजन उणे १८३ अंशांना उकळतो. त्याच्यासाठी लंडनची कडाक्याची थंडीसुद्धा पेटत्या गॅससारखी! साध्या काचेच्या भांड्यात ओतलं की ते खळखळून उकळायचं आणि बघता बघता उडून जायचं. भांड्याच्या बाहेर हवेतल्या बाष्पाचा बर्फ साचायचा, त्यामुळे आतलं काही दिसायचंही नाही.

उपाय त्यांच्या स्वतःच्या जुन्या कामात होता. १८७०च्या दशकात उष्णता मोजण्याच्या एका प्रयोगासाठी त्यांनी पितळेचं दुहेरी भांडं वापरलं होतं. भांड्यात भांडं, आणि मधल्या फटीतली हवा काढून टाकलेली. १८९२ मध्ये त्यांनी हीच कल्पना काचेत उतरवली.

उष्णता तीन वाटांनी प्रवास करते. एक, वस्तूला वस्तू चिकटून. दोन, हवा किंवा पाण्याच्या प्रवाहातून. तीन, किरणांतून, म्हणजे ऊन किंवा शेकोटी आपल्याला लांबून तापवते तसं. दोन भिंतींमध्ये हवाच नसेल तर पहिल्या दोन वाटा जवळपास बंद. तिसऱ्या वाटेसाठी ड्यूअर यांनी भिंतींच्या आतल्या बाजूला चांदीचा मुलामा दिला, आरशासारखा. किरणं परत फिरली. उरली फक्त गळ्याची जागा, जिथे दोन भिंती एकमेकींना जोडलेल्या असतात. हे गळ्याचं लक्षात ठेवा, पुढे माझ्या बाटलीचा निकाल इथेच लागणार आहे.

आता द्रव हवा तासन्‌तास टिकू लागली. शास्त्रज्ञ आजही अशा भांड्याला ड्यूअरच म्हणतात. मोठ्या हॉस्पिटलातलं एमआरआय मशीन बघितलंय? त्यातल्या चुंबकाला थंड ठेवणारा द्रव हेलियम अशाच निर्वात भिंतींच्या भांड्यात असतो.

आणि आपल्याकडचं उदाहरण द्यायचं तर आमच्या शिरोळ तालुक्यात दारोदार म्हशी-गाई आहेत. लहानपणी गावात एआय म्हटलं की आम्हाला कृत्रिम रेतनच कळायचं, चॅटबॉट फार नंतर आले! गाडीला ॲल्युमिनिअमचा जाड कॅन लावून पशुवैद्यक यायचे. झाकण उघडलं की पांढरा धूर. आम्ही पोरं गोठ्याबाहेर उभी राहून तो धूर बघायचो. त्या कॅनमध्ये उणे १९६ अंशांचा द्रव नायट्रोजन असतो आणि त्यात गोठवलेलं वीर्य ठेवलेलं असतं. उरुळी कांचनला १९६७ मध्ये मणिभाई देसाईंनी स्थापन केलेल्या बाएफ संस्थेने ही सेवा महाराष्ट्रातल्या गोठ्यांपर्यंत नेली. तो कॅन म्हणजे ड्यूअर यांचंच भांडं. आणि त्याची एक गंमत बघा. त्याचं झाकण नुसतं वर ठेवलेलं असतं, आवळून बंद कधीच करत नाहीत. नायट्रोजनची वाफ निघून जायला वाट हवी, नाहीतर कॅनचा बॉम्ब होईल.

पेटंट न घेतलेला शोध

ड्यूअर यांनी आपल्या भांड्याचं पेटंट घेतलं नाही. त्यांच्या लेखी ते प्रयोगशाळेचं साधन होतं. पेटंट म्हणजे काय हे त्यांना माहीत नव्हतं असं अजिबात नाही. १८८९ मध्ये फ्रेडरिक एबल यांच्याबरोबर त्यांनी कॉर्डाइट ही बिनधुराची दारू तयार केली होती, आणि तिचं पेटंट घेतलं होतं. त्यावरून आल्फ्रेड नोबेल यांच्या कंपनीने केस केली आणि ती नोबेल यांची बाजू हरली. एवढं सगळं जवळून बघूनही या भांड्याच्या बाबतीत मात्र त्यांनी कागद केला नाही.

बर्लिनमध्ये राइनहोल्ड बुर्गर नावाचे काचकाम करणारे कारागीर प्रयोगशाळांसाठी अशी भांडी बनवायचे. त्यांच्या लक्षात आलं की ज्यात द्रव हवा गार राहते त्यात चहा गरम राहू शकतो. नुसती काच फुटते म्हणून त्यांनी बाहेरून धातूचं आवरण दिलं, आत आधार दिले, वर झाकण दिलं. १९०३ मध्ये पेटंट घेतलं, १९०४ मध्ये कंपनी काढली. नाव ठेवलं थर्मास, उष्णता या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून. ड्यूअर कोर्टात गेले. भांडं त्यांचं होतं हे सगळ्यांना माहीत होतं, पण पेटंट नसल्यामुळे ते हरले. घराघरात गेलेल्या वस्तूचा एक पैसाही त्यांना मिळाला नाही, आणि घरात नावही लागलं ते कंपनीचं. आपल्याकडे आजी-आजोबांच्या पिढीला विचारा, दवाखान्यात पेशंटला चहा न्यायचा तो थर्मासमधूनच!

मी सॉफ्टवेअरमध्ये काम करतो. कोड लिहून तो ओपन सोर्स ठेवणं आणि त्याला कुठलंच लायसन्स न जोडता तसाच सोडून देणं यात किती फरक आहे हे आमच्या फील्डमध्ये रोज दिसतं. ड्यूअर यांचं दुसरं झालं. शोध फुकट वाटायचा असं ठरवून त्यांनी वाटला असता तर वेगळी गोष्ट. त्यांनी काहीच ठरवलं नाही, आणि नंतर त्रास करून घेतला.

हायड्रोजन जिंकला, हेलियम हुकला

१० मे १८९८ रोजी ड्यूअर यांनी हायड्रोजनचं द्रव केलं. उणे २५३ अंश. पुढच्याच वर्षी त्यांनी हायड्रोजन गोठवून घनही केला, उणे २५९ अंशांना. पृथ्वीवर त्याआधी कुणी एवढ्या थंडीपर्यंत पोहोचलं नव्हतं.

आता फक्त हेलियम उरला. इथे ड्यूअर यांचा स्वभाव आडवा आला. ते तापट होते, श्रेय वाटून घ्यायला त्यांना आवडायचं नाही, आणि भांडण झालं की ते वर्षानुवर्षं चालायचं. हेलियमबद्दल लंडनमध्ये सगळ्यात जास्त माहिती होती विल्यम रॅमसे यांना, आणि नेमकं त्यांच्याशीच बिनसलं होतं. दोघं एकाच शहरात, पण एकत्र काम केलं नाही. ड्यूअर यांना मिळालेल्या हेलियममध्ये निऑन मिसळलेला होता. थंड केलं की निऑन गोठायचा आणि नळ्या तुंबायच्या. १० जुलै १९०८ रोजी हॉलंडमधल्या लायडन शहरात कामरलिंग ओन्स यांनी हेलियमचं द्रव करून शर्यत संपवली. त्यांच्याकडे मोठी टीम होती, तयार केलेले कारागीर होते. आणि त्यांच्या प्रयोगात भांडी कुठली होती? ड्यूअर यांच्याच पद्धतीची, निर्वात भिंतींची.

रॅमसे यांना १९०४ चं नोबेल मिळालं, ओन्स यांना १९१३ चं. ड्यूअर यांचं नाव अनेकदा सुचवलं गेलं, पण नोबेल कधीच मिळालं नाही. १९०४ मध्ये सर ही पदवी मात्र मिळाली.

एक गोष्ट वाचून मी थांबलो. ड्यूअर यांच्या प्रयोगशाळेत दाबाखालच्या वायूंचे स्फोट झाले. त्यात त्यांच्या दोन मदतनिसांचा, लेनॉक्स आणि हीथ यांचा, प्रत्येकी एक डोळा गेला. तरी दोघं काम करत राहिले. हायड्रोजनच्या यशात त्यांचे हात होते, पण इतिहासात नाव एकट्या ड्यूअर यांचं मोठं झालं. हे वाचताना मला चुलतभावाच्या कपाळावरचं टेंगूळ दिसत होतं. बाटली मी भरली, मीच विसरलो, आणि झाकण त्याला लागलं.

काचेपासून स्टीलपर्यंत

धातूच्या बाटलीचाही धागा ड्यूअर यांच्यापर्यंत जातो. धातूच्या भिंतीत वायू अडकलेले असतात, ते हळूहळू बाहेर पडतात आणि मधला निर्वात बिघडवतात. ड्यूअर यांनी १९०५ च्या सुमारास दाखवलं की खूप थंड केलेला लाकडी कोळसा उरलेला वायू शोषून घेतो. त्यामुळे निर्वात टिकवता येऊ लागला आणि धातूची भांडी शक्य झाली. १९१३ मध्ये अमेरिकेत विल्यम स्टॅन्ली यांनी पूर्ण स्टीलची निर्वात बाटली आणली. आपल्या हातातली न फुटणारी बाटली तिच्याच वंशातली.

पहिल्या महायुद्धाच्या काळात प्रयोगशाळेत माणसं आणि पैसा दोन्ही कमी पडले, तेव्हा उतारवयातले ड्यूअर साबणाच्या फुग्यांवर प्रयोग करत बसले. महागडी यंत्रं नाहीत तर नाहीत, फुगे तर आहेत! पातळ पापुद्रा किती दिवस टिकतो हे ते बारकाईने बघायचे. २७ मार्च १९२३ रोजी लंडनमध्ये, वयाच्या ऐंशीव्या वर्षी ते गेले. तेव्हाही ते प्राध्यापकपदावरच होते. त्यांना मूलबाळ नव्हतं.

मग माझ्या बाटलीत झालं काय?

आता ड्यूअर यांचं भांडं समजलं की उत्तर आपोआप मिळतं.

निर्वात भिंत उष्णता आत येऊ देत नाही, तशीच आतली उष्णता बाहेरही जाऊ देत नाही. फ्रीझरला आतला सोडा गोठवायचा म्हणजे आतली उष्णता बाहेर काढायची. भिंत तेच अडवते. म्हणून पहिल्या रात्री काहीच झालं नाही. इथेच आपण फसतो, आपल्याला वाटतं चालतंय की!

उष्णतेला बाहेर पडायला वाट एकच, गळा आणि झाकण. त्यामुळे बर्फ आधी वर, गळ्यापाशी धरतो आणि बूच बसल्यासारखा अडकतो. खालचं पाणी मागाहून गोठू लागतं, फुगतं, पण वर जायची वाट बंद. मग आतली भिंत आणि बूड ढकललं जातं. म्हणूनच या बाटलीत वर थोडी जागा सोडली तरी भरवसा नाही. जागा बुचाच्या वर राहते, दाब बुचाच्या खाली.

त्यात माझा सोडा. बर्फ तयार होताना त्यातला गॅस बाहेर ढकलतो, उरलेल्या द्रवात तो कोंबला जातो. झाकणाचे आटे सुटले की तो गॅस झाकणाला घेऊन उडतो.

आतली भिंत वाकली, एखादा जोड उसवला की मधला निर्वात गेला. बाटली दिसायला तशीच, पण आता ती साधा स्टीलचा डबा. तुमची बाटली शाबूत आहे का हे तपासायचं असेल तर तिच्यात गरम पाणी भरा, झाकण लावा आणि पाच मिनिटांनी बाहेरून हात लावा. गळ्यापाशी कोमट लागणं ठीक. पोट किंवा बूड तापलं तर निर्वात संपला. थंड पाणी भरल्यावर बाहेरून घाम सुटतो का, हीसुद्धा तीच खूण. माझ्या बाटलीला दोन्ही झालं.

हे लक्षात ठेवा

१. दुहेरी भिंतीची निर्वात बाटली फ्रीझरमध्ये ठेवूच नका. रिकामीसुद्धा ठेवून उपयोग नाही. झाकण आणि गळा सोडला तर ती धड थंडही होत नाही.

२. थंड हवं असेल तर बर्फ ट्रेमध्ये करा आणि बाटलीत टाका. आधी पाच मिनिटं गार पाणी भरून ठेवा आणि ओतून द्या, म्हणजे बाटलीच्या आतली उष्णता निघून जाईल आणि बर्फ जास्त टिकेल.

३. एकेरी भिंतीच्या साध्या स्टीलच्या बाटलीत पाणी गोठवायचंच असेल तर आधी कंपनीची सूचना बघा. ती चालते म्हणत असेल तरच ठेवा. किमान पाचवा हिस्सा रिकामा सोडा, बाटली उभी ठेवा, झाकण न लावता ठेवा आणि पूर्ण गोठल्यावरच झाकण लावा. ९ टक्क्यांची गरज असताना २० टक्के सोडायचे, कारण गळा निमुळता असतो.

४. ॲल्युमिनिअमच्या बाटलीला आतून लेप असतो. धातू ताणला गेला की लेपाला चिरा जाऊ शकतात. तिच्यात गोठवू नका.

५. सोडा, कोल्ड्रिंक, बिअर असं गॅसचं काहीही कुठल्याच बंद बाटलीत गोठवू नका.

६. सरबत, ताक, उसाचा रस हे पाण्याइतक्या सहज गोठत नाहीत, आधी नुसतं पाणी बर्फ होतं आणि गोडवा उरलेल्या द्रवात राहतो. पण फुगतात तेही. दूध आणि बासुंदी बाटलीत गोठवायच्या भानगडीत पडू नका, पसरट डब्यात गोठवा, नंतर स्वच्छता नीट होते.

७. चुकून बाटली गोठलीच तर झाकणाशी लढू नका. उकळतं पाणी ओतू नका, गॅसवर धरू नका, सुरी खुपसू नका. बाटली एखाद्या पातेल्यात उभी ठेवून फ्रिजच्या खालच्या कप्प्यात पूर्ण विरघळू द्या, दुहेरी भिंतीची असेल तर एक-दोन दिवसही लागतील. मग तोंड लांब धरून, वर जाड टॉवेल टाकून, झाकण थोडं थोडं सैल करा. लहान मुलांच्या हातात देऊ नका.

८. ड्राय आइस बंद बाटलीत कधीच नाही. पशुवैद्यकांच्या कॅनचं सैल झाकण आठवा.

फुगलेली बाटली मी फेकली नाही. पुण्यात माझ्या डेस्कवर आहे, पेन ठेवायला. बूड नीट टेकत नाही, म्हणून खाली जुना माउसपॅड ठेवलाय. चुलतभावाला मी नवीन बाटली घेऊन दिली आणि ही सगळी गोष्ट सांगितली. त्याला द्रव हवेपेक्षा व्हायोलिनवाला भाग जास्त आवडला. आईला ड्यूअर वगैरे काही सांगितलं नाही. फक्त फ्रीझरच्या दारावर एक चिठ्ठी चिकटवली आहे, माझ्याच अक्षरात, की इथे स्टीलची बाटली ठेवायची नाही.

तुमच्या घरीही मे महिन्याआधी अशी एक चिठ्ठी लावून टाका मित्रांनो. आणि गरम पाण्याची ती पाच मिनिटांची टेस्ट आजच करून बघा, तुमची बाटली अजून बाटली आहे की नुसता डबा झालाय ते कळेल!